अपघातातील दुखापत आणि भरपाईचा हिशेब

रस्ता अपघातात जखमी झालेल्या माणसाला किती भरपाई मिळावी, हे भारतात मोटार अपघात दावा न्यायाधिकरण ठरवते. मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम १६५ खाली ही न्यायाधिकरणे स्थापन होतात. महाराष्ट्रात त्यांचे काम साधारणपणे जिल्हा न्यायालयाच्या आवारातच, जिल्हा न्यायाधीश दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे चालते. भरपाई न्याय्य असावी, एवढेच कलम १६८ सांगते. गुडघा मोडल्यास किती आणि डोळा गेल्यास किती, असा दरपत्रकासारखा तक्ता त्या कलमात नाही. हिशेबाची रीत न्यायालयांनीच एकेका निकालातून घडवली आहे आणि आजही ती घडतेच आहे.

या रीतीच्या मुळाशी एक साधे तत्त्व आहे. अपघात झाला नसता तर जखमी माणूस ज्या स्थितीत असता, त्या स्थितीच्या पैशाने जितके जवळ नेता येईल तितके त्याला न्यायचे. भरपाई वाहनचालकाला शिक्षा म्हणून नसते, त्यासाठी फौजदारी खटला वेगळा चालतो. ती जखमी माणसाला लागलेले घबाडही नसावे आणि त्याच्या हातावर टेकवलेली किरकोळ रक्कमही नसावी.

दावा दाखल होतो कलम १६६ खाली. अपघात जिथे झाला तिथे, अर्जदार जिथे राहतो किंवा व्यवसाय करतो तिथे, किंवा सामनेवाला जिथे राहतो तिथे अर्ज करता येतो. सोलापूरच्या माणसाला नागपूरजवळ ट्रकने धडक दिली तरी त्याला तारखांसाठी नागपूरला खेपा घालाव्या लागत नाहीत. मुदतीचा नियम मात्र काटेकोर झाला आहे. १९९४ च्या दुरुस्तीने मुदतीची अट काढून टाकली होती. २०१९ च्या दुरुस्तीने ती परत आणली आणि १ एप्रिल २०२२ पासून अपघातानंतर सहा महिन्यांत अर्ज करणे कायद्याने आवश्यक केले. ज्याचे पहिले सहा महिने शस्त्रक्रिया आणि अंथरुणातच जातात, त्याच्यावर ही अट फार जड आहे.

कलम १६६ खालच्या दाव्यात वाहनचालकाचा निष्काळजीपणा सिद्ध करावा लागतो. फौजदारी खटल्यातील निःसंशय पुराव्याची पातळी इथे लागत नाही. अपघात अर्जदार म्हणतो तसा झाला असण्याची शक्यता अधिक आहे, एवढे दिसले तरी पुरते. फिर्याद, घटनास्थळाचा पंचनामा, दोषारोपपत्र आणि प्रत्यक्षदर्शीची साक्ष यांवर हा भाग उभा राहतो. चालक फौजदारी न्यायालयातून निर्दोष सुटला म्हणून भरपाईचा दावा आपोआप पडत नाही. दोष सिद्ध करण्याच्या फंदात न पडता ठरावीक रक्कम घेण्याचीही सोय आहे. कलम १६४ प्रमाणे मृत्यूसाठी ५ लाख आणि गंभीर दुखापतीसाठी अडीच लाख रुपये मिळतात. धडक देऊन पळालेल्या वाहनाचा पत्ताच लागला नाही, तर १ एप्रिल २०२२ पासून गंभीर दुखापतीसाठी ५०,००० आणि मृत्यूसाठी २ लाख रुपये सरकारी योजनेतून दिले जातात. ज्याचा पाय कायमचा गेला त्याचा या रकमांनी काही काळच निभाव लागतो, म्हणून गंभीर जखमींचे दावे प्रामुख्याने कलम १६६ खालीच चालतात.

दोष ठरला की प्रश्न येतो रकमेचा. दुखापतीच्या दाव्यात ती एकगठ्ठा ठरत नाही, शीर्षवार ठरते. पैशात मोजता येणारे नुकसान आणि तसे मोजता न येणारे नुकसान, अशी मुख्य विभागणी सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये, अपघातात कायमचे पंगुत्व आलेल्या मुंबईतील एका वकिलाच्या खटल्यात स्पष्ट केली. २०११ साली प्रसिद्ध झालेल्या राजकुमार खटल्याच्या निकालाने शीर्षांची यादी पक्की केली. पहिल्या गटात उपचार, औषधे, प्रवास आणि पौष्टिक आहाराचा खर्च, उपचाराच्या काळात बुडालेली कमाई, कायमच्या अपंगत्वामुळे पुढे बुडणारी कमाई आणि भावी वैद्यकीय खर्च येतो. दुसऱ्या गटात वेदना आणि मानसिक आघात, जगण्यातल्या सुखसोयींना मुकणे, विवाहाची शक्यता दुरावणे आणि आयुर्मान घटणे ही शीर्षे आहेत. हाड सांधले, प्लास्टर निघाले, माणूस कामावर परतला, अशा दुखापतीत उपचारखर्च, तेवढ्या काळाची कमाई आणि वेदना या तीनच शीर्षांवर हिशेब संपतो. बाकीची शीर्षे गंभीर दुखापतीसाठी आहेत आणि त्यांना वैद्यकीय पुराव्याचा आधार लागतो.

उपचारखर्चात वादाला फारशी जागा नसते, कारण तिथे बिले बोलतात. रुग्णालयाचे अंतिम बिल, औषधांच्या पावत्या, त्यांना जुळणाऱ्या डॉक्टरांच्या चिठ्ठ्या आणि डिस्चार्ज कार्ड मूळ प्रतीत दाखल करायचे असते. घरच्यांनी घाईत फेकून दिलेली पावती पुढे दोन-तीन वर्षांनी साक्षीच्या वेळी हवी असते. रिक्षाच्या भाड्याची किंवा दूध-अंड्यांची पावती कोणाकडे नसते, हे न्यायालयांना ठाऊक आहे आणि प्रवास व आहारासाठी ती अंदाजाने रक्कम धरतात. पत्नीने किंवा आईने घरीच शुश्रूषा केली म्हणून मदतनिसाचा खर्च नाकारला जाऊ नये. ते श्रम घरच्या माणसाने फुकट केले तरी त्यांचा फायदा अपघात करणाऱ्याला का मिळावा? नोकरदाराच्या बुडालेल्या कमाईबाबतही हाच न्याय लागतो. पगारी रजा वापरली म्हणून नुकसान झाले नाही असे होत नाही, कारण साठवलेली रजा संपली.

खरा वाद पेटतो तो भावी कमाईवर. इथेच लाखांचे फरक पडतात आणि इथेच सर्वाधिक गफलत होते. जिल्हा शल्यचिकित्सकाच्या किंवा उपचार करणाऱ्या अस्थिरोगतज्ज्ञाच्या प्रमाणपत्रावर ‘डाव्या पायाचे ४५ टक्के कायमचे अपंगत्व’ असे लिहिलेले असते. ही टक्केवारी त्या अवयवाची असते, संपूर्ण शरीराची नसते. शरीराची टक्केवारी काढली तरी ती कमाईची टक्केवारी ठरत नाही. न्यायाधिकरणाला तीन पायऱ्या चढाव्या लागतात. जखमी माणूस आता काय करू शकतो आणि काय नाही, अपघातापूर्वी त्याचा कामधंदा, वय आणि शिक्षण काय होते, आणि त्या कामासकट कोणत्याही कामातून तो आता किती कमावू शकेल, हे एकामागून एक ठरवायचे असते. राजकुमार निकालातले उदाहरण न्यायालयांत सतत दिले जाते. डावा हात गेला तर वैद्यकीय अपंगत्व ६० टक्क्यांच्या आसपास धरले जाईल. तो माणूस चालक किंवा सुतार असेल तर कमाईची क्षमता जवळजवळ शंभर टक्के गेली. तोच माणूस सरकारी कचेरीत कारकून असेल तर नोकरी टिकेल आणि भावी कमाईचे नुकसान फारसे होणारही नाही. कारकुनाला त्या बदल्यात सुखसोयींना मुकल्याबद्दल अधिक रक्कम देता येते.

त्या खटल्यातला अर्जदार साधारण २५ वर्षांचा चीज विक्रेता होता. प्रमाणपत्र ४५ टक्क्यांचे होते. न्यायालयाने संपूर्ण शरीराचे अपंगत्व २५ टक्के आणि कमाईच्या क्षमतेतील घट २० टक्के धरली. अपघात १९९१ चा. न्यायाधिकरणाने उत्पन्न महिना ९०० रुपये धरले होते, सर्वोच्च न्यायालयाने ते १,५०० केले. रस्त्यावर माल विकणाऱ्याकडे हिशेबाच्या वह्या मागणे वास्तवाला धरून नाही, ही त्यामागची भूमिका होती.

टक्केवारी उलट दिशेनेही सरकते. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये निकाली काढलेल्या एका दाव्यात २४ वर्षांच्या भाजीविक्रेत्याचा पाय गेला होता. पाय नसलेला माणूस एका जागी बसून भाजी विकू शकतो, हे म्हणणे वरवर पटते. पण पहाटे मंडईतून माल उचलायचा, पाट्या चढवायच्या-उतरवायच्या आणि गाडी ढकलत गल्ल्या फिरायच्या, हे सगळे पायांवर चालते. उच्च न्यायालयाने धरलेली ६५ टक्के घट सर्वोच्च न्यायालयाने ८५ टक्क्यांवर नेली. २०१८ मध्ये दोन्ही हात निकामी झालेल्या एका तरुण सुताराचा दावा त्याच न्यायालयापुढे आला. त्याचे वैद्यकीय अपंगत्व ९० टक्के होते. अंगमेहनतीवर जगणाऱ्याचे हात गेले म्हणजे कमावण्याची सारी ताकद गेली, असे म्हणून न्यायालयाने संपूर्ण नुकसान धरले. २०२० च्या आणखी एका खटल्यात संगणकावर माहिती भरण्याचे काम करणाऱ्या तरुणाने एक हात गमावला होता. प्रमाणपत्र ८९ टक्क्यांचे होते. उच्च न्यायालयाने ते जवळजवळ अर्धे करून ४५ टक्के घट धरली. सर्वोच्च न्यायालयाने ती ६५ टक्क्यांवर आणली. एकाच हाताचे दोन न्यायालयांत दोन हिशेब झाले, यावरून हा टप्पा किती नाजूक आहे ते दिसते.

म्हणूनच डॉक्टरची साक्ष निर्णायक ठरते. नुसते प्रमाणपत्र दाखल करून भागत नाही. ज्याने उपचार केले किंवा तपासणी केली, त्याने साक्षीला येऊन सांगायला हवे की गुडघा किती अंशांपर्यंत वाकतो, मांडी घालून बसता येते का, जिना चढता येतो का, वजन उचलता येते का. या उत्तरांतून न्यायाधिकरणाला माणसाचे काम डोळ्यांपुढे आणता येते. उपचारांशी संबंध नसताना मागेल तशी प्रमाणपत्रे देणाऱ्यांपासून सावध राहावे, शंका आल्यास अर्जदाराला वैद्यकीय मंडळाकडे पाठवावे आणि मुकाट बसून न राहता स्वतः प्रश्न विचारावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने न्यायाधिकरणांना बजावले आहे.

टक्केवारी ठरली की आकडेमोड सुरू होते. तीत आणखी तीन गोष्टी लागतात: अपघातापूर्वीचे उत्पन्न, भावी उत्पन्नवाढ आणि गुणक. वार्षिक उत्पन्नाला किती वर्षांनी गुणायचे, ते वयावरून ठरते. २००९ च्या सरला वर्मा निकालातला तक्ता आज देशभर वापरला जातो. १५ ते २५ वयाला १८, २६ ते ३० ला १७, ३१ ते ३५ ला १६, ३६ ते ४० ला १५, ४१ ते ४५ ला १४, ४६ ते ५० ला १३. पुढे ५१ ते ५५ ला ११, ५६ ते ६० ला ९, ६१ ते ६५ ला ७ आणि त्यापुढे ५. निवृत्तीला पंचवीस वर्षे उरली असताना गुणक १६ च का, असे अर्जदाराला वाटते. सगळी रक्कम आजच एकदम मिळते, तिच्यावर व्याज येते आणि आयुष्य अनिश्चित असते, हे धरून गुणक मुद्दाम कमी ठेवलेला आहे.

भावी उत्पन्नवाढीचे प्रमाण २०१७ मध्ये घटनापीठाने प्रणय सेठी निकालात ठरवले. कायम नोकरी असलेल्याच्या उत्पन्नात चाळिशीच्या आत ५० टक्के, ४० ते ५० वयात ३० टक्के आणि ५० ते ६० वयात १५ टक्के वाढ धरायची. स्वयंरोजगार किंवा ठरावीक पगार असलेल्यांसाठी हेच आकडे अनुक्रमे ४०, २५ आणि १० टक्के आहेत. हा निकाल मृत्यूच्या दाव्यातला होता. जखमीला ही वाढ लागू नाही असा युक्तिवाद त्यानंतरही होत राहिला. संगणकावर काम करणाऱ्या तरुणाच्या वर उल्लेखलेल्या निकालाने तो निकालात काढला. मृत्यूच्या दाव्यात मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी उत्पन्नातून एक तृतीयांश किंवा एक चतुर्थांश वजा करतात. जखमीच्या दाव्यात ही वजावट होत नाही. तो जिवंत आहे आणि त्याला रोज जेवायचे आहे.

हे सारे एका कल्पित उदाहरणात असे दिसेल. इचलकरंजीतला ३४ वर्षांचा यंत्रमाग कामगार, कमाई महिना १८,००० रुपये. अपघातात गुडघा मोडला आणि नीट वाकेनासा झाला. पायाचे अपंगत्व ४० टक्के. वार्षिक उत्पन्न २,१६,०००. त्यात ४० टक्के वाढ मिळवली की ३,०२,४००. गुणक १६ लावला की ४८,३८,४००. पाळीभर उभे राहून माग चालवणे आता जमत नाही, म्हणून न्यायाधिकरणाने कमाईतील घट ५० टक्के धरली तर या शीर्षाखाली २४,१९,२०० रुपये मिळतील. तीच घट २० टक्के धरली तर ९,६७,६८० रुपये. दर दहा टक्क्यांमागे ४,८३,८४० रुपयांचा फरक पडतो. डॉक्टरची उलटतपासणी आणि कामगाराच्या कामाचे वर्णन यांवर विमा कंपनीचे वकील इतका वेळ का घालवतात, याचे उत्तर या आकड्यात आहे.

उत्पन्नाचा पुरावा हा या हिशेबातला कच्चा दुवा. पगारदाराकडे पगारपत्रक असते, व्यापाऱ्याकडे प्राप्तिकर विवरणपत्र असते. शेतमजूर, हमाल, घरकाम करणारी बाई आणि गवंडी यांच्याकडे काहीच नसते. पुरावा नाही म्हणून उत्पन्न शून्य धरता येत नाही. त्या वर्षीचे किमान वेतन पायाभूत मानून, कामाचे स्वरूप पाहून न्यायाधिकरण काल्पनिक उत्पन्न ठरवते. वरच्या भाजीविक्रेत्यासाठी २००८ सालाकरिता महिना ६,५०० रुपये धरले गेले. गृहिणीच्या घरकामाला आर्थिक मूल्य आहे आणि तिचेही काल्पनिक उत्पन्न धरायलाच हवे, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये पुन्हा ठामपणे सांगितले. ज्या बाईचा हात मोडल्यावर घरात स्वयंपाकाला दुसरी बाई ठेवावी लागते, तिचे नुकसान त्या घराला वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

लहान मुलांचे प्रकरण अधिक अवघड आहे, कारण त्यांनी अजून कमावलेलेच नसते. २०१३ च्या एका निकालाने मुलांसाठी अपंगत्वाच्या टक्केवारीनुसार ठोक रकमा सुचवल्या: १० टक्क्यांपर्यंत १ लाख, ३० पर्यंत ३ लाख, ६० पर्यंत ४ लाख, ९० पर्यंत ५ लाख आणि त्यापुढे ६ लाख. उपचारखर्च आणि मदतनीस यांची रक्कम वेगळी. गंभीर दुखापतीत हे आकडे अपुरे पडतात, हे २०२० मधील एका खटल्याने दाखवून दिले. २००७ साली ट्रॅक्टरच्या धडकेत १२ वर्षांच्या मुलीच्या मेंदूला इजा झाली आणि तिची समज नऊ महिन्यांच्या बाळाएवढी राहिली. ती आयुष्यभर अंथरुणाला खिळलेली राहणार होती. न्यायाधिकरणाने सुमारे ११ लाख दिले, उच्च न्यायालयाने सुमारे २५.७८ लाख. सर्वोच्च न्यायालयाने तिचे उत्पन्न कुशल कामगाराच्या किमान वेतनाएवढे धरले, त्यात ४० टक्के वाढ मिळवली आणि १८ चा गुणक लावला. तिला चोवीस तास सांभाळायला दोन मदतनीस लागतील, प्रत्येकी महिना ५,००० रुपये धरून आणि तोच गुणक लावून या एका शीर्षाखाली २१,६०,००० रुपये दिले. वेदनांसाठी १५ लाख, विवाहाची शक्यता दुरावल्याबद्दल ३ लाख, भावी उपचारांसाठी ५ लाख. एकूण भरपाई ६२,२७,००० रुपयांवर गेली. मदतनिसाच्या खर्चालाही गुणक लावायचा, ही या निकालाची मोठी देणगी. पूर्वी या शीर्षाखाली अंदाजाने ठोक रक्कम देऊन मोकळे होण्याची सवय होती.

भावी वैद्यकीय खर्चाचा दावा आताच करावा लागतो, कारण निवाडा झाल्यावर पुढच्या शस्त्रक्रियेसाठी न्यायाधिकरणाकडे परत जाता येत नाही. हाडात बसवलेली पट्टी काढायची असेल, सांधा बदलायचा असेल, तर डॉक्टरकडून अंदाजपत्रक घेऊन ते साक्षीत सिद्ध करावे. कृत्रिम पाय आयुष्यभर पुरत नाही, काही वर्षांनी बदलावा लागतो आणि मधल्या काळात दुरुस्तीही लागते. एकाच पायाची किंमत मागून थांबलेला अर्जदार पुढच्या साऱ्या पायांचा खर्च स्वतः सोसतो.

वेदनेला गुणक नाही. किती शस्त्रक्रिया झाल्या, किती दिवस रुग्णालयात काढले, वय काय, कायमचे काय गेले, हे पाहून न्यायाधीश रक्कम ठरवतो आणि ती दुसऱ्या न्यायाधीशाच्या रकमेपेक्षा बरीच वेगळी असू शकते. शंभर टक्के अपंगत्व आलेल्या एका अर्जदाराला नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वेदना आणि यातनांसाठी १५ लाख रुपये दिले. खेळणे, चालणे, मुलाला उचलून घेणे या गमावलेल्या गोष्टींची रक्कम सुखसोयींच्या शीर्षाखाली येते. या शीर्षांवर कनिष्ठ पातळीवर अजूनही हात आखडता घेतला जातो. आकडा मांडता येत नाही म्हणून तो लहान असावा, याला कोणतेही तात्त्विक कारण नाही.

एकूण रकमेतून काय वजा होते, हाही वादाचा विषय. अर्जदाराचा स्वतःचा निष्काळजीपणा असेल तर त्या प्रमाणात भरपाई कमी होते. उलट्या बाजूने येणाऱ्या दुचाकीस्वाराचा दोष ३० टक्के ठरला तर दहा लाखांचे सात लाख होतात. मात्र दुचाकीवर तिघे बसले होते एवढ्यावरून दोष लादता येत नाही. त्या तिसऱ्या माणसामुळे अपघात झाला किंवा दुखापत वाढली, हे दाखवावे लागते. दोन वाहनांच्या चुकीत तिसराच माणूस, उदाहरणार्थ रिक्षातला प्रवासी, जखमी झाला तर तो संपूर्ण रक्कम दोघांपैकी कोणाकडूनही वसूल करू शकतो. जखमीने स्वतः हप्ते भरून घेतलेल्या विम्याचा लाभ मात्र अपघात करणाऱ्याला मिळत नाही. जीवनविम्याची रक्कम वजा करू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये महाराष्ट्राच्या एसटी महामंडळाविरुद्धच्या खटल्यात सांगितले. मेडिक्लेमबाबत मतभेद राहिले होते. मार्च २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने मेडिक्लेमखाली मिळालेली रक्कमही उपचारखर्चातून वजा करता येणार नाही, असा निर्णय दिला.

अर्जात मागितली त्यापेक्षा जास्त रक्कम देण्याचा अधिकार न्यायाधिकरणाला आहे. ठरलेल्या रकमेवर कलम १७१ प्रमाणे व्याज मिळते. ते सर्वसाधारणपणे अर्जाच्या तारखेपासून, द.सा.द.शे. ६ ते ९ च्या दरम्यान असते. पैसे बहुधा विमा कंपनी भरते. चालकाकडे वैध परवाना नव्हता अशा प्रकरणांत कंपनीने आधी जखमीला पैसे द्यावेत आणि मग वाहनमालकाकडून वसूल करावेत, असा आदेश होऊ शकतो. बरेच दावे लोकअदालतीत तडजोडीने मिटतात. तिथे पैसे लवकर हाती येतात, पण वरचा हिशेब मांडल्याशिवाय सही केलेली तडजोड जखमीला महागात पडते. निवाडा मान्य नसेल तर ९० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते. अर्जदार अल्पवयीन किंवा अशिक्षित असेल तर रकमेचा मोठा भाग राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत ठेवण्याचा आदेश होतो. उपचारासाठी पैशांची निकड असल्यास अर्ज करून त्यातली रक्कम मुदतीआधी काढता येते.